डेटाबेसचं टूल बसलं, पण कनेक्ट होईना? काढून पुन्हा बसवण्याआधी हे बघा

कॉलेजच्या मुलांचे लॅपटॉप असोत, नाहीतर कोल्हापूरच्या उद्यमनगर, शिरोली, गोकुळ शिरगावच्या छोट्या कारखान्यांच्या कोपऱ्यातला 'सर्व्हर' म्हणून ठेवलेला पीसी असो, माझ्याकडे येणारी तक्रार बहुतेक वेळा एकच असते. सॉफ्टवेअर बसलंय, उघडतंय पण, फक्त डेटाबेसला जोडलं जात नाही. फोन येईतो बहुतेकांनी आणखी एक काम उरकलेलं असतं: सगळं अनइन्स्टॉल करून पुन्हा बसवलेलं असतं. काहींनी दोन-तीनदा. त्यानं दोष तर जात नाहीच, वर आधी एक होता तिथं दोन होतात. म्हणून सांगतो, ही यादी संपेपर्यंत काहीही काढू नका.

आधी लक्षणं

एरर बंद करू नका. मोबाइलवर त्याचा पूर्ण फोटो काढा, नंबरासकट. 'काहीतरी लाल आलं' यावरून कुणालाच काही सांगता येत नाही. नेहमी दिसतात ती लक्षणं अशी (एसक्यूएल सर्व्हर, मायएसक्यूएल, पोस्टग्रेस, ओरॅकल ही डेटाबेस सर्व्हरांची नावं):

- कनेक्ट दाबल्यावर बराच वेळ चक्र फिरतं आणि मग एसक्यूएल सर्व्हरची २६ किंवा ४० नंबरची एरर येते. सर्व्हर किंवा इन्स्टन्स (मशीनवर बसवलेली सर्व्हरची एक प्रत) सापडत नाही, असा तिचा अर्थ.
- 'लॉगिन फेल्ड फॉर यूजर', एरर १८४५६. मायएसक्यूएलमध्ये हीच तक्रार १०४५ 'ॲक्सेस डिनाइड' म्हणून येते, पोस्टग्रेसमध्ये 'पासवर्ड ऑथेंटिकेशन फेल्ड' म्हणून.
- मायएसक्यूएलची २००३ किंवा ओरॅकलची ओआरए-१२५४१. पलीकडे ऐकायलाच कुणी नाही.
- 'सर्टिफिकेट चेन... नॉट ट्रस्टेड' असं काहीतरी, बहुतेक वेळा टूलची नवी आवृत्ती टाकल्यानंतर.
- ज्या मशीनवर सर्व्हर आहे तिथं चालतं, शेजारच्या टेबलावरून चालत नाही.
- काल चालत होतं, आज नाही.
- इन्स्टॉलेशनच शेवटाला येऊन फसतं: 'वेट ऑन द डेटाबेस इंजिन रिकव्हरी हँडल फेल्ड'.

या गर्दीत एक सोपी खूण लक्षात ठेवा. एररमध्ये यूजरचं किंवा पासवर्डचं नाव निघालं, तर तुम्ही सर्व्हरपर्यंत पोचलेला आहात. सर्व्हिस (मागं चालणारा सर्व्हरचा प्रोग्रॅम) चालू आहे, पोर्ट (तो ज्या नंबरावर ऐकतो ते) बरोबर आहे, फायरवॉल आड येत नाही. तिथून पुढं नेटवर्क चाळत बसणं म्हणजे वेळ वाया. उलट एरर सर्व्हर सापडत नाही म्हणत असेल, तर पासवर्ड बदलून उपयोग नाही, कारण तो तपासायला अजून कुणी पुढं आलेलंच नाही.

सर्व्हर बसवलाय का, की नुसतं टूल?

हसू नका. नव्या लॅपटॉपवर सगळ्यात जास्त वेळा हेच निघतं. एसक्यूएल सर्व्हर मॅनेजमेंट स्टुडिओ (पुढं एसएसएमएस म्हणतो), मायएसक्यूएल वर्कबेंच, पीजीॲडमिन, डीबीव्हर, ओरॅकलचं एसक्यूएल डेव्हलपर ही सगळी समोरची खिडकी आहे. डेटा ठेवणारा आणि प्रश्नांना उत्तर देणारा सर्व्हर वेगळा प्रोग्रॅम असतो. मळ्यातली स्टार्टरची पेटी आणि विहिरीतली मोटर जशा दोन वस्तू, तसंच. मोटरच बसवली नसेल तर पेटीचं बटण कितीही दाबा.

घोळ व्हायचं कारणही आहे. विंडोजवरच्या पोस्टग्रेसच्या नेहमीच्या इन्स्टॉलरमध्ये सर्व्हर आणि पीजीॲडमिन एकत्र येतात. एसएसएमएस मात्र २०१६ च्या आवृत्तीपासून सर्व्हरच्या इन्स्टॉलरमध्ये नाही, ते वेगळं उतरवावं लागतं. मग कुणी व्हिडिओ बघून एसएसएमएस उतरवतं, खिडकी उघडली की काम झालं समजतं, आणि 'सर्व्हर नेम'च्या रिकाम्या चौकटीपुढं अडतं.

तपासायला एक मिनिट लागतं. विंडोज आणि आर ही बटणं एकत्र दाबा, सर्व्हिसेस डॉट एमएससी टाइप करा (इंग्रजी अक्षरांतच) आणि यादीत नाव शोधा. एसक्यूएल सर्व्हर असेल तर त्या नावापुढं कंसात इन्स्टन्सचं नाव दिसतं, एक्स्प्रेस आवृत्तीत बहुधा एसक्यूएलएक्स्प्रेस. मायएसक्यूएल ८.० असेल तर साधारण मायएसक्यूएल८० असं नाव. पोस्टग्रेसच्या नावात शेवटी आवृत्तीचा आकडा असतो. नावच नसेल तर पुढचं काही वाचू नका, आधी सर्व्हर बसवा.

बसवायचाच आहे तर कुठला, हेही इथंच सांगून टाकतो, कारण निम्मे दोष चुकीच्या निवडीतून येतात. अभ्यासक्रमात किंवा ऑफिसच्या प्रोग्रॅममध्ये जो सर्व्हर आहे तोच घ्या, स्वतःच्या आवडीचा नाही. एसक्यूएल सर्व्हर शिकायचा असेल तर डेव्हलपर आवृत्ती घ्या. ती फुकट आहे आणि सगळ्या सोयींसकट आहे, फक्त धंद्याच्या रोजच्या कामाला वापरायची परवानगी नाही. कारखान्याच्या हिशेबाला एक्स्प्रेस, म्हणजे फुकटची छोटी आवृत्ती, चालतं, पण २०२२ पर्यंतच्या आवृत्त्यांमध्ये एका डेटाबेसला १० जीबीची मर्यादा आहे. ती भरली की कनेक्शन व्यवस्थित होतं आणि नवं बिल मात्र सेव्ह होत नाही. लोक त्यालाही 'कनेक्ट होईना' म्हणतात. ओरॅकलच्या फुकटच्या एक्सई २१सी आवृत्तीमध्ये हीच हद्द १२ जीबी डेटा आणि २ जीबी रॅम. एकट्यापुरतं छोटं ॲप लिहिणार असाल तर एसक्यूलाइट बघा. त्यात सर्व्हिस नाही, पोर्ट नाही, सगळा डेटाबेस एका फाइलमध्ये. या लेखातल्या निम्म्या कटकटी तिथं उद्भवतच नाहीत.

आणि ८ जीबी रॅमच्या लॅपटॉपवर चारही सर्व्हर एकदम बसवू नका. 'सगळं येतं' हे दाखवायला बसवलेले सर्व्हर दिवसभर मागं चालू राहतात, मग मशीन रांगतं आणि त्याचा दोष टूलवर जातो. टूल एकच हवं असेल तर डीबीव्हरची मोफत आवृत्ती या सगळ्यांना जोडली जाते. एसक्यूएल सर्व्हरवर मात्र बॅकअप, लॉगिन, परवानग्या बघायच्या असतील तर एसएसएमएसला तोड नाही.

सर्व्हिस चालू आहे का?

त्याच यादीत नावापुढं 'रनिंग' लिहिलंय का ते बघा. नसेल तर उजवं क्लिक करून स्टार्ट. 'काल चालत होतं, आज नाही' या तक्रारीचं उत्तर फार वेळा एवढंच असतं. ज्या कारखान्यांची सुट्टी सोमवारी असते तिथून मंगळवारी सकाळी फोन येतो, कारण मध्ये लाइट गेलेली, यूपीएसनं जीव टाकलेला, आणि पीसी पुन्हा चालू झाल्यावर सर्व्हिस उठलेली नसते. 'स्टार्टअप टाइप' मॅन्युअल असेल तर ऑटोमॅटिक करा.

स्टार्ट दाबूनही लगेच बंद पडत असेल तर पुन्हा पुन्हा दाबत बसू नका. तीन गोष्टी बघा. सी ड्राइव्ह भरलाय का? लाल पट्टी दिसली तर आधी जागा करा, पण डेटाबेसच्या फोल्डरमधलं काही उडवून नाही. एरर १०६९ आहे का? म्हणजे सर्व्हिस ज्या विंडोज खात्यानं चालते त्याचा पासवर्ड कुणीतरी बदललाय. आणि तिसरी, पोर्ट दुसऱ्यानं अडवलंय का? ते पुढं येईल.

सर्व्हरचं नाव नीट लिहिलंय का?

एसक्यूएल सर्व्हर एक्स्प्रेसला नुसतं 'लोकलहोस्ट' लिहून भागत नाही, कारण तो नाव दिलेला इन्स्टन्स असतो. टिंब, मग उलटा स्लॅश, मग एसक्यूएलएक्स्प्रेस, असं लिहावं लागतं. उलटा म्हणजे बॅकस्लॅश. साधा स्लॅश टाकून 'सर, सापडतच नाही' म्हणणारी मुलं दर बॅचला असतात. कंसात दिसलेलं इन्स्टन्सचं नाव वेगळं असेल तर ते लिहा. डेव्हलपर आवृत्ती डीफॉल्ट नावानं बसवली असेल तर मात्र नुसतं टिंब किंवा लोकलहोस्ट पुरतं.

ओरॅकलवाल्यांची अडचण थोडी वेगळी. कनेक्ट होतं, पण नवा यूजर बनवताना ओआरए-६५०९६ येते. तुम्ही मुख्य कंटेनरमध्ये शिरलेला असता, आणि साधे यूजर त्याच्या आतल्या डेटाबेसमध्ये बनवायचे असतात. एक्सईमध्ये त्याचं नाव एक्सईपीडीबी१. सर्व्हिस नेमच्या जागी ते लिहून जोडा. जुन्या नोट्स ११जी च्या काळातल्या असतात, त्यात हे नसतं, आणि मुलं नोट्सवर विश्वास ठेवून सॉफ्टवेअर पुन्हा बसवतात.

पासवर्ड आणि लॉगिन

सगळ्यात आधी खाली उजव्या कोपऱ्यात भाषा बघा. अर्ज टाइप करायला मराठी कीबोर्ड लावलेला असतो आणि पासवर्डच्या चौकटीत नुसते ठिपके दिसतात, त्यामुळं आपण देवनागरीत टाइप करतोय हे कळतच नाही. कॅप्स लॉकचंही तेच. फुकटची तपासणी आहे, लाजू नका.

एसक्यूएल सर्व्हरवर १८४५६ आली तर 'विंडोज ऑथेंटिकेशन' निवडून बघा. ज्यानं सर्व्हर बसवला त्याच विंडोज खात्यातून बहुधा आत जाता येतं. आत गेलात की सर्व्हरवर उजवं क्लिक, प्रॉपर्टीज, सिक्युरिटी, आणि तिथं 'एसक्यूएल सर्व्हर अँड विंडोज ऑथेंटिकेशन मोड' निवडलाय का ते बघा. बसवताना नुसता विंडोज मोड ठेवला असेल तर 'एसए' या सर्व्हरच्या मुख्य ॲडमिन खात्याचा पासवर्ड कितीही बरोबर असला तरी दार उघडत नाही. मोड बदलल्यावर सर्व्हिस रीस्टार्ट करावीच लागते, त्याशिवाय तो लागू होत नाही.

खरं कारण सर्व्हर टूलमध्ये सांगत नाही, आणि ते मुद्दाम आहे, म्हणजे पासवर्ड चाचपणाऱ्याला मदत होऊ नये. कारण लिहिलेलं असतं सर्व्हरच्या लॉग फोल्डरमधल्या 'एररलॉग' फाइलमध्ये. ती नोटपॅडमध्ये उघडा आणि 'स्टेट' पुढचा आकडा बघा. ५ म्हणजे त्या नावाचा यूजरच नाही, ८ म्हणजे पासवर्ड चुकला, ५८ म्हणजे वर सांगितलेला मोडचा घोळ. अंदाजानं चार गोष्टी बदलण्यापेक्षा ही एक ओळ वाचा.

पोस्टग्रेसमध्ये दोन पासवर्डांची गल्लत होते. पीजीॲडमिन उघडताना स्वतःचा 'मास्टर पासवर्ड' मागू शकतो, तो त्या टूलमध्ये साठवलेले पासवर्ड राखण्यासाठी. सर्व्हरच्या 'पोस्टग्रेस' यूजरचा पासवर्ड निराळा, बसवताना दिलेला.

काढून पुन्हा बसवण्याचा सगळ्यात मोठा फटका इथं बसतो. पोस्टग्रेस काढला तरी त्याचा डेटा फोल्डर जागेवरच राहतो. पुन्हा बसवताना तुम्ही नवा पासवर्ड देता, सर्व्हर मात्र जुनाच फोल्डर उचलतो आणि त्यातला जुना पासवर्ड मागतो. मायएसक्यूएलचा इन्स्टॉलर काढताना डेटा डिरेक्टरीही काढू का म्हणून विचारतो. घाईत 'होय' म्हटलं की सगळा डेटा गेला. हा फोल्डर सी ड्राइव्हच्या प्रोग्रॅमडेटामध्ये असतो, आणि प्रोग्रॅमडेटा लपवलेला असल्यानं आपण काय घालवलं हेही पुष्कळांना उशिरा समजतं. एका बाजूला जुनं मागं राहून अडवणार, दुसऱ्या बाजूला हवं ते उडणार. पुन्हा बसवण्याला माझा विरोध आहे तो यामुळं.

नवी आवृत्ती टाकल्यावर सर्टिफिकेटची तक्रार

एसएसएमएस २० पासून कनेक्शन एन्क्रिप्ट करणं सुरुवातीपासून 'मँडेटरी' असतं. सर्व्हर स्वतःच बनवलेलं सर्टिफिकेट पुढं करतो, त्याची हमी घेणारं तिसरं कुणी नसतं, म्हणून टूल नकार देतं. सर्व्हर तुमच्याच मशीनवर किंवा तुमच्याच ऑफिसात असेल तर 'ट्रस्ट सर्व्हर सर्टिफिकेट'वर टिक करा, काम होतं. सर्व्हर इंटरनेटवर दूर कुठं असेल तर ती टिक करू नका. पलीकडे खरंच आपलाच सर्व्हर आहे का, हे तपासण्याचं तेवढंच साधन असतं. जुन्या पीसीवर घड्याळही बघा. बोर्डवरचा सेल संपला की लाइट गेल्यावर तारीख मागं जाते, आणि मग चांगलं सर्टिफिकेटही खोटं ठरतं.

मायएसक्यूएल ८.० नं २०१८ मध्ये पासवर्ड तपासायची नेहमीची पद्धत बदलली. जुन्या क्लायंटला, म्हणजे जोडणाऱ्या टूलला, ती समजत नाही आणि 'कॅशिंग शा२ पासवर्ड'चं प्लगइन लोड होत नाही अशी तक्रार येते. टूल किंवा ड्रायव्हर नवा करा. सर्व्हरला जुन्या पद्धतीवर ढकलण्याचा सल्ला सगळीकडे मिळतो, पण ८.४ मध्ये ती पद्धत मुळातच बंद ठेवलेली आहे आणि ९.० मध्ये काढूनच टाकलेली आहे, त्यामुळं ती मलमपट्टी टिकणारी नाही. डीबीव्हरमध्ये 'पब्लिक की रिट्रीव्हल इज नॉट अलाउड' आलं तर ड्रायव्हर प्रॉपर्टीजमध्ये त्याच नावाची सेटिंग ट्रू करा. घरच्या मशीनवर त्यात काही बिघडत नाही.

एकाच पोर्टवर दोघं

पीएचपी शिकणाऱ्यांच्या लॅपटॉपवर हे हमखास. झॅम्प (पीएचपी, वेब सर्व्हर आणि डेटाबेस एकत्र देणारं पॅकेज) असतो, आणि वर कुणीतरी मायएसक्यूएल वेगळं बसवायला सांगितलेलं असतं. दोघांनाही ३३०६ हवं. जो आधी उठला तो बसला, दुसऱ्याचं बटण हिरवं होऊन परत विझतं. बरं, झॅम्पच्या बटणावर मायएसक्यूएल लिहिलेलं असलं तरी आत मारियाडीबी, म्हणजे मायएसक्यूएलपासून निघालेला वेगळा सर्व्हर, असतं. म्हणून वर्कबेंच आवृत्तीबद्दल कुरकुरतं, आणि मुलांना आपल्या टेबल्स 'गायब' झालेल्या दिसतात. त्या गायब नसतात, दुसऱ्या सर्व्हरमध्ये असतात.

कमांड प्रॉम्प्टमध्ये नेटस्टॅट चालवा, पुढं ए, एन, ओ ही तीन अक्षरं डॅशसह. ३३०६ च्या ओळीत शेवटी जो आकडा दिसेल तो टास्क मॅनेजरच्या डिटेल्समध्ये शोधा, कोण बसलंय ते कळेल. मग एकाला बंद करा किंवा त्याचं पोर्ट ३३०७ करा. दोन्ही ठेवायचा हट्ट असेल तर टूलमध्ये दोन कनेक्शन करून त्यांना नावं नीट द्या. पोस्टग्रेसची दुसरी आवृत्ती बसवताना इन्स्टॉलर स्वतःच ५४३२ सोडून ५४३३ सुचवतो. लोक नेक्स्ट-नेक्स्ट दाबत जातात आणि नंतर ५४३२ वर जुन्याच डेटाबेसकडे बघत बसतात.

सर्व्हरवर चालतं, दुसऱ्या टेबलावरून नाही

इथं वेळ जातो, पण क्रमानं गेलात तर फार नाही.

पहिलं, पत्ता. सर्व्हरवर आयपीकॉन्फिग चालवून आयपी बघा आणि दुसऱ्या मशीनवर टूलमध्ये जो लिहिलाय त्याच्याशी ताडून बघा. लाइट जाऊन राउटर पुन्हा उठला की तो सर्व्हरला नवा पत्ता देऊ शकतो. बाकी मशीन जुन्या पत्त्यावर हाका मारत राहतात. २०१९ आणि २०२१ च्या पुरानंतर शाहूपुरी, लक्ष्मीपुरीतल्या काही ऑफिसांनी मशीन वरच्या मजल्यावर नेली, राउटरही बदलले, आणि पत्त्यांचा हा घोळ तिथं पुढं कितीतरी दिवस चालला. उपाय: राउटरमध्ये त्या मशीनसाठी पत्ता राखून ठेवा, म्हणजे तो बदलणारच नाही.

पिंग (पलीकडचं मशीन उत्तर देतं का बघणारी कमांड) करून बघा, पण पिंग आलं नाही म्हणून सर्व्हर मेला असं समजू नका, फायरवॉल पिंगला अडवू शकते. पॉवरशेलमधलं टेस्ट-नेटकनेक्शन पोर्टच्या आकड्यासह चालवा. ते त्या पोर्टपर्यंत पोचता येतं का हेच सांगतं, आणि आपल्याला तेवढंच हवं असतं.

दुसरं, सर्व्हर बाहेरचं ऐकतो का? एसक्यूएल सर्व्हरच्या एक्स्प्रेस आणि डेव्हलपर आवृत्त्यांमध्ये टीसीपी/आयपी सुरुवातीला बंद असतं. एसक्यूएल सर्व्हर कॉन्फिगरेशन मॅनेजरमध्ये, नेटवर्क कॉन्फिगरेशनखाली, ते एनेबल करा. एक्स्प्रेसचा इन्स्टन्स दर वेळी वेगळं पोर्ट घेऊ शकतो आणि ते पोर्ट कुठलं हे सांगणारी 'एसक्यूएल सर्व्हर ब्राउझर' सर्व्हिस बहुधा बंद असते. मी ब्राउझरच्या भानगडीत पडत नाही. टीसीपी/आयपीच्या प्रॉपर्टीजमध्ये तळाशी 'आयपी ऑल' असतं, तिथं 'डायनॅमिक पोर्ट्स' रिकामं करायचं, 'टीसीपी पोर्ट'मध्ये १४३३ लिहायचं, सर्व्हिस रीस्टार्ट करायची. मग दुसऱ्या मशीनवरून आयपी, स्वल्पविराम, १४३३ असं लिहून जोडता येतं. एकदा केलं की विसरून जायचं. ब्राउझरच वापरायचा असेल तर फायरवॉलमध्ये यूडीपी १४३४ ही उघडावं लागतं.

तिसरं, फायरवॉल. विंडोज डिफेंडर फायरवॉलच्या ॲडव्हान्स्ड सेटिंगमध्ये इनबाउंड रूल करून टीसीपी १४३३ ला वाट द्या (मायएसक्यूएलला ३३०६, पोस्टग्रेसला ५४३२, ओरॅकलला १५२१). फायरवॉल सरसकट बंद करून 'चाललं' म्हणणारे बरेच भेटतात. तपासणीपुरती दोन मिनिटं बंद करून बघायला हरकत नाही, पण तशीच ठेवून निघून जाऊ नका. नियम केला आणि तरीही अडतंय, तर नेटवर्क 'पब्लिक' झालंय का बघा. राउटर बदलला की विंडोज त्याला नवं नेटवर्क समजतो, आणि 'प्रायव्हेट'साठी केलेला नियम तिथं लागू होत नाही.

मायएसक्यूएलमध्ये ११३० आली, किंवा पोस्टग्रेसनं 'नो पीजी एचबीए एंट्री' म्हटलं, तर नेटवर्क ठीक आहे. त्या मशीनवरून यायची परवानगी यूजरला दिलेली नाही, एवढंच. ती फक्त ऑफिसच्या पत्त्यांपुरती द्या, साऱ्या जगाला नको.

इन्स्टॉलेशनच शेवटी फसतं तेव्हा

नव्या लॅपटॉपवर विंडोज ११ आणि वेगवान एनव्हीएमई डिस्क असेल, आणि एसक्यूएल सर्व्हरचं इन्स्टॉलेशन शेवटी रिकव्हरी हँडलवर मरत असेल, तर तुमचं काही चुकलेलं नाही. एसक्यूएल सर्व्हर ५१२ किंवा ४०९६ बाइटचे सेक्टर (डिस्कवर लिहायचे छोटे तुकडे) मानतो. काही डिस्क यापेक्षा मोठा आकडा सांगतात, आणि विंडोज ११ तो आकडा जसाच्या तसा पुढं देतो. विंडोज १० वर हीच डिस्क तक्रार करत नव्हती, म्हणून ११ वर गेल्यावर आधीचा चालता सर्व्हरही बंद पडू शकतो.

ॲडमिन म्हणून कमांड प्रॉम्प्ट उघडून एफएसयूटिल एफएसइन्फो सेक्टरइन्फो आणि पुढं ड्राइव्हचं अक्षर द्या. 'ॲटॉमिसिटी' आणि 'परफॉर्मन्स' या ओळींत ४०९६ पेक्षा मोठा आकडा असेल तर चोर सापडला. मायक्रोसॉफ्टनं दिलेला उपाय म्हणजे रजिस्ट्रीत (विंडोजच्या आतल्या सेटिंगच्या नोंदींत) एनव्हीएमई ड्रायव्हरखाली एक नोंद घालून सेक्टर ४ केबीचा दाखवायचा आणि मशीन रीस्टार्ट करायचं. त्यानंतर अर्धवट बसलेला इन्स्टन्स काढून पुन्हा बसवायचा. या साऱ्या यादीत पुन्हा बसवणं योग्य आहे ते इथंच, आणि तेही कारण दूर केल्यानंतर. मशीनला चालणाऱ्या सेक्टरची दुसरी डिस्क असेल तर डेटाबेस तिथं बसवणं जास्त सोपं. स्वतःच्या शिकण्याच्या लॅपटॉपवर रजिस्ट्री उघडायची तर आधी महत्त्वाच्या फाइली बाहेर काढून ठेवा. ऑफिसच्या मशीनवर हे काम जाणकाराकडूनच करून घ्या.

इथं हात काढून घ्या, माणूस बोलवा

डेटाबेसच्या नावापुढं 'सस्पेक्ट' किंवा 'रिकव्हरी पेंडिंग' दिसलं की थांबा. तो डिटॅच करू नका, म्हणजे सर्व्हरपासून सोडवू नका; डिटॅच केलेला सस्पेक्ट डेटाबेस सर्व्हर बहुधा पुन्हा जोडून घेत नाही. एलडीएफ म्हणजे लॉगची फाइल 'जागा अडवते' म्हणून उडवू नका. झॅम्प किंवा मायएसक्यूएलमध्ये 'आयबीडेटा१' फाइल काढून टाकायचा सल्ला मिळाला तर ऐकू नका. 'इनोडीबी फोर्स रिकव्हरी'चा आकडा ४ किंवा त्यावर नेला तर डेटा कायमचा खराब होऊ शकतो. मूळ फाइलींची प्रत हातात नसताना ते करणं म्हणजे जुगार.

इव्हेंट व्ह्यूअरमध्ये डिस्कची ७ नंबरची एरर, म्हणजे बॅड ब्लॉक, दिसली किंवा डिस्कचा आवाज येऊ लागला तर मशीन बंद करा. आणखी एकदा चालू करून बघायचा मोह आवरा. फाइलींची नावं आपोआप बदललेली आणि पैसे मागणारी चिठ्ठी पडलेली असेल तर आधी नेटवर्कची केबल काढा, मग फोन. मालक घरून किंवा पुण्यातून बघायला मिळावं म्हणून राउटरवर १४३३ किंवा ३३०६ इंटरनेटला उघडायला सांगत असतील, तर तेही स्वतः करू नका. त्यासाठी व्हीपीएन (ऑफिसच्या नेटवर्कशी सुरक्षित खासगी जोडणी) लागतं आणि ते बसवून देणारा माणूस वेगळा. कॉलेजच्या लॅबमधलं किंवा कंपनीच्या डोमेनवरचं मशीन असेल तर अडथळा वरून लावलेल्या धोरणाचा असू शकतो. तो तिथल्या ॲडमिननंच सोडवायचा.

बिलांचा, पगाराचा, स्टॉकचा खरा डेटा असलेल्या मशीनवर लॉगिनपर्यंतच्या तपासण्या करूनही अडलं, आणि शेवटचा बॅकअप कुठं आहे हे ठाऊक नसेल, तर पुढच्या तपासण्या स्वतः करू नका.

बोलावणार त्याला फोनवरच चार गोष्टी सांगा: सर्व्हर कुठला आणि कितवी आवृत्ती, एररचा फोटो, शेवटचं नीट चालल्यानंतर काय बदललं (लाइट, राउटर, अपडेट, पासवर्ड, जे असेल ते), आणि शेवटचा बॅकअप कुठल्या डिस्कवर आहे. काढून पुन्हा बसवून झालं असेल तर तेही सांगा, लपवू नका, त्यावरून तो कुठं शोधायचं ते ठरवतो. काम झाल्यावर त्याच्याकडून इन्स्टन्सचं नाव, पोर्ट, ॲडमिनचा पासवर्ड, सर्व्हरचा राखून ठेवलेला आयपी आणि बॅकअप कुठं पडतो हे कागदावर लिहून घ्या, आणि एक बॅकअप तुमच्यासमोर दुसऱ्या नावानं रिस्टोअर करून दाखवायला सांगा. तो कागद सीपीयूवर चिकटवू नका, कपाटात ठेवा.